तिन्ही बिंदू एकाच रेषेत

दुपारचे तीन वाजलेले. भीमेकाठच्या एका गावात शाळेची नवी खोली. सोमवारपासून पहिलीची पोरं तिथं बसणार होती, पण फरशीवर ठेवलेला खडू आपोआप नदीकडच्या कोपऱ्यात जायचा. म्हणून गावानं मला, तालुक्याच्या पेपरातल्या बातमीदाराला, बोलावलं. मी शिरूरच्या कॉलेजातले गणिताच्या कदम सरांना सोबत नेलं.

खोली बांधणारा इंजिनिअर म्हणाला, "तीन ठिकाणी मोजलंय. फरशी एकदम लेव्हल हाय."

"कुठं मोजलं?" सरांनी विचारलं.

"ह्या भिंतीच्या कडंनं."

"अहो, तिन्ही बिंदू एकाच रेषेत! प्रतल, म्हणजे सपाट पृष्ठभाग, ठरवायला एक बिंदू आणि दोन वेगळ्या दिशांचे व्हेक्टर लागतात. मग प्रत्येक दिशेनं किती जायचं ते दोन आकडे, म्हणजे पॅरामीटर, बदलत जा, खोलीतला कुठलाही बिंदू सापडतो. तुमचे दोन्ही व्हेक्टर एकाच दिशेचे. ही फरशी भिंतीला धरून दारासारखी फिरली, तरी तुमचं माप तेच येणार."

"फरशी काय फिरती व्हय, सर?" इंजिनिअर हसला.

"मग त्या कोपऱ्यात मोजा की!" मी म्हणालो.

त्यानं मोजलं. कोपरा चार बोटं खाली. चहा पिऊन पुन्हा मोजलं, तर पाच बोटं. आम्ही सगळेच भिंतीकडं सरकलो.

"आप्पा, खाली काय हाय?" मी सरपंचांना विचारलं. आप्पा चपला हातात घेऊन बाहेर निघून गेले.

भांडून मी खोलीला कुलूप लावायला लावलं. फरशी अजून खाली जाते आहे. तिच्याखाली काय आहे, हे पंचायत सांगत नाही, तालुकाही सांगत नाही.