सहावं बटण

नाही, तू आधी ऐकून तर घे, आणि यातला एक शब्द जरी खोटा वाटला ना तुला, तर हा माझा कान नि ती तुझ्या हातातली पक्कड — खुशाल पिळ. बय्यूमी कुठे आहेत विचारलंस, मी सांगितलं आत झोपलेत. लेक वग्दी कुठे, तर पाव आणायला गेलाय. सून गादा गच्चीवर वाळत घातलेले कपडे काढतेय, नात तालिया तिच्या मागे मागे. आणि मी ही तुझ्यासमोर. झाली की पाच माणसं, तुझ्या कागदावर आहेत तेवढीच. काय? झोपलेला माणूस दिवसाला चौदा तास टीव्ही कसा बघतो? तुझं लग्न झालेलं दिसत नाही, इंजिनियरसाहेब. माझे यजमान आयुष्यभर टीव्ही झोपूनच बघत आले, आणि बंद करायला गेलं की डोळे न उघडता म्हणायचे, बघतोय मी. बस ना. त्या खुर्चीवर नको, तिचा पाय लंगडा आहे — ह्या कोचावर बस. रोजा आहे तुझा? मग चहाचं विचारत नाही. रोजा सोडायच्या तोफेला अजून अवकाश आहे, तोवर तुझी पेटी तपास, उलटी कर, हलवून बघ, ती काही बोलायची नाही. ती विचारतेच फक्त.

तीन वर्षं झाली ती बसवून, घरात कोण काय बघतं ते मोजायला. तू नव्हतास, एक मुलगी आली होती, चष्मेवाली, फार गोड — सगळ्या शुब्रा भागातून तुमचं घर निवडलंय म्हणाली, जसं काही आमच्या वग्दीला मागणीच घालायला आलीय. हा रिमोट दिला, सहा बटणांचा. एक नंबर बय्यूमी, दोन मी, तीन वग्दी, चार गादा, पाच तालिया, आणि सहा पाहुण्यांचं. टीव्ही लावला की पेटीचा लाल दिवा लुकलुकतो, समोर कोण बसलंय विचारतो, आणि ज्याने त्याने आपापलं बटण दाबायचं. मग पाऊण तासाने पुन्हा लुकलुकतो — आहात का अजून? मी म्हटलं पोरी, एवढी चौकशी तर माझ्या सासूने पण नाही केली. ती म्हणाली, मावशी, तुमचं एक घर म्हणजे बारा हजार घरं धरतो आम्ही. म्हणजे माझे बय्यूमी म्हणजे बारा हजार बय्यूमी? हो म्हणाली. मी तिला म्हटलं, एकाच्या घोरण्याने माझा जीव जातोय, बारा हजारांना ह्या कैरोत ठेवणार कुठे?

पण तुमच्या धंद्याची काय ती बरकत, वा. पूर्वी रमझानात तीन-चार मालिका असायच्या, सगळी गल्ली एकच बघायची, दुसऱ्या दिवशी बाजारात एकच भांडण. आता चाळीस. चाळीस. तीस दिवसांत चाळीस मालिका बघायला माणसाला रोजा सोडायला तरी वेळ मिळतो का? नट आपले, पैसा आखातातला, गोष्ट तुर्कांची, उंट भाड्याचा. प्रत्येकीत एक गरीब भाऊ, एक श्रीमंत भाऊ आणि एक बाई — जी रंगरंगोटी करून झोपते आणि तश्शीच उठते. ते बघ खिडकीतून, समोरच्या इमारतीवर त्या नटीचं पोस्टर. चार मजले व्यापलेत बाईने. तिचा डावा डोळा बरोब्बर माझ्या स्वयंपाकघरासमोर येतो, मी मुलुखियाची भाजी चिरते ती रोज ही बया बघते, आणि बघण्यातून असं वाटतं की लसूण कमी पडला. तिच्या मागे जी माणसं राहतात त्यांना दोन महिने ऊन नाही बिचाऱ्यांना, एक जण म्हणे तिच्या नाकपुडीतून हात बाहेर काढून बास्केट खाली सोडतो, भाजीवाल्यासाठी. हसतोस काय, हे तेवढं खरं आहे.

तर बटणं. मी काय प्रामाणिकपणे दाबत होते. बय्यूमींचं म्हणजे सोपं, ते दोनच गोष्टी बघायचे — कुस्ती, आणि कुस्ती संपली की कालची कुस्ती. चाळीस वर्षं मी त्या चड्डीतल्या गलेलठ्ठ माणसांचं उचला-आपटा बघत आले, शेजारच्या खोलीत सासू वारली तेव्हासुद्धा इथे एक जण दुसऱ्याच्या छातीवर बसलेला होता. आणि मग चाळिसाव्यापर्यंत मी टीव्ही लावलाच नाही, आणि नंतर ज्या दिवशी लावला—

कोणाचा चाळिसावा काय? सासूचा.

बरं, सासूचा नाही. सासू जाऊन वीस वर्षं झाली, तेव्हा कुठली पेटी. लागला का तुला पत्ता? एवढा वेळ काय हलवून बघत होतास, मला नीट बोलतं केलं असतंस तर कधीच निघाला असतास. दोन वर्षं झाली बय्यूमींना. बाथरूममधून आले, कोचावर बसले, तू बसलायस तिथेच — अरे बस, बस, उठू नकोस, जागा काही चावत नाही — बसले आणि मला म्हणाले आवाज कमी कर. मी म्हटलं टीव्ही बंदच आहे. तेवढंच. नंतर चाळीस दिवस बाया आल्या, कडू कॉफी प्यायल्या, रडल्या, गेल्या. एक्केचाळिसाव्या दिवशी मी टीव्ही लावला तर ह्या तुझ्या पेटीचा दिवा सुरू झाला — समोर कोण बसलंय? आता हिला कोण सांगणार? माझा अंगठा आपोआप एक नंबरवर गेला. सवय. दिवा हिरवा झाला. घरात कायतरी झालं असं वाटलं, म्हणजे कुणी खोकलं बिकलं असं. मग दुसऱ्या दिवशी पण दाबलं.

आणि मग मला मजा यायला लागली, खोटं कशाला बोलू. बय्यूमींना मी स्वयंपाकाचे कार्यक्रम बघायला लावले. रोज तीन तास. जिवंतपणी ज्या माणसाला कांदा कुठे ठेवतात ठाऊक नव्हतं तो आता कोनाफा मिठाईच्या सतरा तऱ्हा बघतो, एक तक्रार नाही. मग ती रडकी मालिका आली ना, त्या विधवेची आणि घोड्याच्या डॉक्टरची — पहिल्या भागापासून शेवटच्यापर्यंत बसवले. बारा हजार म्हातारे, कळतंय का तुला? तिसऱ्या आठवड्यात त्या मालिकेत मधेच पुरुषांच्या कलपाच्या जाहिराती यायला लागल्या, मग गुडघ्याच्या मलमाच्या. आणि एका संध्याकाळी तो टायवाला निवेदक सांगतो कसा, की पाहणीत असं दिसलंय, साठीच्या पुढचा इजिप्शियन पुरुष हळवा झालाय. मी एवढी हसले, एवढी हसले की खालच्या मजल्यावरची मादाम ओदेत धावत वर आली, तिला वाटलं माझं काहीतरी फिरलं. तिलाही सांगितलं. तेव्हापासून ती रोज येते, सहा नंबर दाबून बसते, नि म्हणते बय्यूमींपेक्षा मेलेले बय्यूमी बरे, निदान आवाज कमी कर म्हणत नाहीत.

वग्दी? सांगितलं ना, पाव आणायला— बरं. रियाधला. गेला त्याला दोन वर्षं होतील, बापाच्या चाळिसाव्यानंतरच्याच महिन्यात. आवाज पकडणारा आहे तो, त्या लांब काठीला माईक लावून नटांच्या डोक्यावर धरतात ना, ते काम. इथे स्टुडिओत पंधरा वर्षं काठी धरून खांदा गेला, तिकडून बोलावणं आलं — नवे स्टुडिओ, एवढे मोठे की आत सायकलवरून फिरतात म्हणे, अख्खं जुनं दमास्कस बांधलंय पुठ्ठ्याचं. गादा आणि तालिया पण गेल्या. गेलाच पाहिजे होता, मीच म्हटलं जा. जगभराचे आवाज पकडतो माझा लेक — कुजबुज पकडतो, पायाखालची वाळू पकडतो, आईचा फोन तेवढा त्याला पकडता येत नाही. कामात असतो. शूटिंगला फोन बंद ठेवावे लागतात. दोन वर्षं एकच शूटिंग चाललंय बहुतेक.

मी तिसरीपर्यंत शिकले, पण वग्दीचं नाव मला कुठेही वाचता येतं. मालिका संपली की शेवटी नावं सरकतात ना, मुंग्यांसारखी, त्यात त्याचं असतं. मी पहिल्या वर्षी टीव्हीच्या काचेला नाक लावून वाचलं. नंतर तुम्ही लोकांनी नावं कापलीच की, साबणाची जाहिरात घालायला. मग मी काय बघू त्या मालिकेत? कुठला तो सुलतान, सहा बायका, तीन तलवारी, प्रत्येक वाक्याआधी घोडा खिंकाळतो. आणि मग... हे तू लिहून घेऊ नकोस. पेन खाली ठेव. ठेवलंस? गेल्या रमझानात मी त्याची मालिका पाडली.

पाडली म्हणजे पाडली. त्याच वेळेला दुसऱ्या चॅनेलवर एक गाण्यांची स्पर्धा लागायची, तिथे मी पाचही जणांना बसवलं. बय्यूमींना, मला, गादाला, एवढ्याशा तालियाला — आणि वग्दीला पण. वग्दीने वग्दीचीच मालिका बघितली नाही तीस दिवस. मादाम ओदेतला सुलतान बघायचा होता, मी तिला म्हटलं तू ख्रिस्ती, तुला सुलतानाशी काय करायचंय, दाब सहा. बारा हजार गुणिले किती ते तूच कर, मला एवढा गुणाकार येत नाही. ईद झाली आणि बातमी आली, सुलतानाचा दुसरा भाग रद्द. मी वग्दीच्या खोलीतली गादी गच्चीवर उन्हात टाकली. चार दिवस उलटीपालटी केली. कबुतरवाल्याला सांगून ठेवलं, चार जोड्या, तांदूळ भरून करायची त्याला आवडतात तशी.

मग फोन आला. त्याचा स्वतःचा. एवढा खूश. म्हणाला, "आई, बरं झालं मेली एकदाची ती मालिका, मला मोबाइलवाल्यांनी उचललं. पाच वर्षांचा करार." तिकडे मालिका मोबाइलवरच बघायच्या असतात ना सगळ्या, त्यात पेटीच नसते म्हणे. कोण किती बघतं, कुठे कंटाळून उठतं, सगळं त्यांना आपोआप कळतं, म्हाताऱ्या बायकांना विचारावं लागत नाही. मी म्हटलं वा. मी म्हटलं मुबारक. कबुतरं मादाम ओदेतने खाल्ली.

काय मान हलवतोस? एका घराने मालिका पडत नसते? हजारो घरं असतात? अरे, राहू दे ना मग एवढं तरी माझ्याकडे. आईने मुलाची नोकरी घालवायची म्हटलं आणि त्याला बढती मिळाली, ह्यात माझा काही हातच नव्हता असंही सांगणार आहेस तू मला आता?

आणि मला एक सांग, तुमच्या कंपनीला कळलं कसं? पेटी तर बोलत नाही. बय्यूमींना कधी संडासलाही उठवलं नाही मी, हे मान्य, चूक झाली, अधूनमधून त्यांना नमाजाला पाठवायला हवं होतं. पण फक्त तेवढ्यावरून एवढा मोठा माणूस चार मजले चढून... फोन केलात? कोणाला? कागदावर ज्याचा नंबर आहे त्याला. कागदावर वग्दीचा नंबर आहे. मीच दिला होता. कधी केलात? मंगळवारी. किती वाजता — नाही, असंच विचारते. दुपारी. आणि त्याने उचलला? पहिल्या घंटेला?

छान. तुमचा नंबर अनोळखी असेल, म्हणून. कामाचा वाटला असेल. हो, तसंच. मग काय म्हणाला?

नाही, सांग. शब्द सांग त्याचे, मला त्यात काही लागायचं नाही.

"आई एकटीच असते तिथे." बरोबर आहे. खोटं काय आहे त्यात, तो कधीच खोटं बोलत नाही, ते त्याच्या बापाकडून आलंय. आवाज कसा होता? बसलेला होता का, त्याचा घसा धुळीने बसतो. तू काय लक्ष देणार म्हणा. घे, उचल तुझं पेन. राहणारी माणसं — एक. लिही. अरबी आकड्यात लिही की इंग्रजीत, एक दोन्हीकडे काठीसारखाच असतो, मला वाचता येतो. आता पेटी ने. मी वायर काढून ठेवते, तुला वाकायला नको.

नेत नाहीस? एकट्या बाईचं घर पण चालतं तुम्हाला? हवंच असतं, उलट? एकट्या राहणाऱ्या बायका बारा हजारांहून जास्त आहेत म्हणतोस. म्हणजे हे पण धंद्यात बसतं. काही टाकून देत नाही तुम्ही लोक. मग काय करायला आलास? बटणं बंद करायला. कुठली... एक, तीन, चार, पाच. ती दाबली तरी हिरवी व्हायची नाहीत. बरं. कर. अंगठा माझा जाईल तिकडे, सवयीने, पण अंगठ्याला सांगू आपण. एक नंबर शेवटी कर. कर ना, माझ्याकडे काय बघतोस, मी त्या पोस्टरवालीकडे बघते तोवर.

झालं? एवढंच? मला वाटलं काहीतरी आवाज होईल.

थांब, हे सहावं राहिलंय. ते राहू द्यायचं असतं? सगळ्यांच्या घरी? हो का. पाहुणा म्हणजे किती जण एका वेळी, एकच? आठ पर्यंत. आठ वेळा दाबायचं. आणि त्यांचं वय पण विचारते पेटी, बाई की पुरुष पण. म्हणजे साठीच्या पुढचा पुरुष असा पाहुणा चालतो. आणि पस्तिशीचा एक, त्याची बायको, सहा वर्षांची मुलगी — चालतं. कुठून आलेत ते नाही ना विचारत? रियाधहून की आणखी लांबून? आणि, इंजिनियरसाहेब, शेवटचं विचारते, तुमच्या त्या जाड पुस्तकात असा नियम कुठे लिहिलाय का, की पाहुणा जिवंतच असला पाहिजे?

नाही ना? मग तू काही बोलू नकोस. बोलू नकोस, तोंड मिट, तुझी नोकरी आहे. लेकाचा, डोळे काय पुसतोस, रोज्याच्या दिवशी पाणी वाया घालवू नये. खजूर घे हे तीन, वाटेत तोफ झाली तर. थांबतोस का सोडायला रोजा, फूलची उसळ आहे, भजी आहेत — नाही, आई वाट बघतेय घरी? फोन केलास तिला? मग कर, जिन्यातच कर. तो बघ दिवा लुकलुकायला लागला, मला उत्तर द्यायचंय त्याला, आणि तुझ्या देखत द्यायचं नाहीये. चल, जा आता. जा म्हटलं ना.