सुरमईचा मधला तुकडा

जुना मित्र धर्मा याच्या पत्राला नंदकुमारांनी चार महिने उत्तर दिलं नव्हतं. नंदकुमारांच्या मुलाच्या साखरपुड्यात व्याह्यांनी धर्माकडे बघून "कोळी आले, मासळीचा वास येणारच," म्हटलं, तेव्हा धर्मा न जेवता शांतपणे उठून गेला होता आणि नंदकुमार खाली मान घालून जेवत राहिले होते. पत्रात एवढंच होतं, "तू का बोलला नाहीस?"

मरोळच्या पोस्टात, आधारच्या रांगेत, नंदकुमारांच्या मागे दोन मासळीवाल्या बोलत होत्या.

"त्या बिल्डिंगमध्ये जात नाहीस आता, मथुरे?"

"नाही गं. वॉचमन बोलला, टोपली घेऊन लिफ्टमध्ये नको. मी बोलले, बरं. ज्याला मासळी पाहिजे त्याने गेटवर यावं."

"झकास. येतात?"

"येतात ना. पाचव्या माळ्यावरचे काका तेवढे येत नाहीत."

"त्यांनीच तक्रार केली काय?"

"छे. ते तर लिफ्टमध्येच होते. वीस वर्षं माझी मासळी खातात, आणि मोबाइल बघत राहिले."

"लाजत असतील आता."

"मग येऊन बोलायचं ना, 'मथुरा, चुकलं माझं.' खाणार आहे का मी त्यांना? सुरमईचा मधला तुकडा अजून ठेवते त्यांच्यासाठी. येडी मी. दुपारी दुसऱ्याला देते."

नंदकुमार रांगेतून बाहेर पडले.

"काका, नंबर जाईल तुमचा," रांगेतला एक मुलगा म्हणाला.

"जाऊ दे."

आधी लिहिलेली चार लांबलचक उत्तरं त्यांनी फाडली होती. आता अंतर्देशीय पत्र घेऊन खिडकीशीच त्यांनी लिहिलं, "धर्मा, मी घाबरलो. चुकलं माझं." पत्ता दोनदा तपासला आणि पत्र पेटीत टाकलं.