बुडाची खरवड

हसान तर हसा बाप्पा, पण मागच्या रविवारी मी ओव्हनमधी इटलीकडचा भरलेला भात केला. माय गेल्यापासून बाबा धड जेवतच नाहीत. वलगावहून अकोल्याले माह्याकडं आले होते, म्हटलं काही नवीन करून पाहू. डब्यात भात दाबला, मधात वांगी, मटार अन् चीज भरलं, वरून पुन्हा भात.

थोड्या वेळानं बाबा सैपाकघरात आले. "भात लागून राहिला व!"

"लागला नाही बाबा, लावला."

"भात कोणी मुद्दाम लावते काय?"

डबा ताटात उपडा केला, तर वरून सारा काळपट, कडक. माही लाज जायची वेळ आली, म्हून मी ठोकून दिलं, "तिकडं या कडक भातासाठीच तर भांडतात लोक. मधातला मऊ भात कोणी इचारत नाही."

बाबा म्हणाले, "तुही माय जन्मभर आमाले मऊ भात वाढे, अन् सोता बुडाची खरवड खाये. मले हेच आवडते म्हणे. मले वाटे, उरते म्हून खाते."

त्यायनं कडक तुकडा तोंडात टाकला, लय वेळ चावला. डोये भरून आले.

"मंग तिले चांगलंच भेटत होतं म्हण ना?"

"हो बाबा," मी म्हटलं, "सगळ्यात चांगलं."

सारी खरवड त्यायनं एकट्यानं संपवली. मी मंग ताटाले चिकटलेलं एक काळं शीत चाखलं. कडू जहर होतं.