शर्टांची भिंत

धरमपेठेतल्या आर्ट वॉकच्या दुसऱ्या गॅलरीत गाइड मुलीनं जुन्या शर्टांनी मढवलेली भिंत दाखवली. "चित्रकारानं हे सगळे जुन्या कपड्यांवर भांडी देणाऱ्या भांडेवालींकडून गोळा केलेत."

घोळक्यात उभ्या अबोलीच्या मागं एक म्हातारं जोडपं थबकलं.

"अवो, हा आपल्या प्रफुलचा शर्ट."

"तसे शर्ट लय राहतात वं."

"कॉलरचं रफू माह्या हातचं आहे. तुम्ही तर त्याचे कपडे राखेसंगं कन्हान नदीत सोडले म्हणत होते."

"नाही सोडवले. अन् घरातही पाहवत नव्हते."

"म्हणून भांडेवालीले देल्ले? बदल्यात काय घेतलं?"

"जाऊ दे ना आता."

"काय घेतलं?"

"तुह्या पोळ्यांचा डबा."

अबोलीनं मागं वळून पाहिलं नाही.

"काकू," गाइड म्हणाली, "प्लीज, हात लावू नका."