मोरगावची जीप

(निरवांगी, १९५८. चैत्र सरत आलेला. तेलगिरणी कंपनीचा कारकून दत्तोबा गेणबाच्या सोप्यात बसलाय. गेणबाची बायको दगडाबाई दाराशी. चहा निवून गेला, तरी समोरच्या कागदाला कुणी हात लावलेला नाही.)

गेणबा : सही न्हाय करनार. आधी काय लिवलंय ते सांगा, आन् मधलं काय गाळू नका.

दत्तोबा : आबा, तुम्ही आता कंपनीचे डायरेक्टर राहिला नाहीत. लागोपाठ तीन मीटिंगा चुकल्या, वर तीन महिनेही उलटले. रजा न घेता असं झालं, की नव्या कायद्यानं खुर्ची आपोआप जाते.

दगडाबाई : आपूआप? खुर्ची काय पिकलं पान हाय व्हय, गळून पडाया?

गेणबा : तू थांब गं. दत्तोबा, रजा घेतली की मी! मोहनरावांना तोंडावर सांगितलं, संकष्टीला मी मोरगावला आसतो, गणपतीला. चेअरमन त्येच, आन् आमच्या रतनचं सासरं बी त्येच. म्हनलं, "जावा व्याही, देव आधी."

दत्तोबा : ते बोलणं मीटिंगच्या बुकात नाही. लेखी अर्ज हवा होता.

गेणबा : व्याह्याला अर्ज? आवो, सोयऱ्याला अर्ज लिवला आसता तर लोकांनी त्वांडात श्यान घातलं आसतं!

दगडाबाई : ते ऱ्हाऊ द्या. तिन्ही मीटिंगा संकष्टीलाच कशा आल्या वो? म्हयन्याचं तीस दीस आसत्यात.

दत्तोबा : योगायोग, मावशी.

दगडाबाई : एक बार योगायोग. हितं पानी मुरतंय.

गेणबा : उगं कायबी बोलू नगंस. मोहनराव तसलं आसतं, तर सवताची जीप दिली आसती का? झुंबर डायवर फाटंचा दारात हजर.

दगडाबाई : मंग फाल्गुनात का न्हाय आला?

गेणबा : तवा जीप बिघडली हुती. मी यष्टीनं गेलो.

दगडाबाई : दत्तोबा, फाल्गुनात मीटिंग हुती?

दत्तोबा : ...नव्हती.

दगडाबाई : ऐकलं? मीटिंग आसली की जीप धडधाकट, नसली की आजारी!

गेणबा : दत्तोबा, आता फुडची मीटिंग कशापायी हाय?

दत्तोबा : गिरणी बारामतीला हलवायची, रेल्वेजवळ. पाचांत तुम्ही तिघं विरुद्ध होता. आता उरले दोन-दोन. बरोबरी झाली, की चेअरमनचं एक मत जास्तीचं.

गेणबा : म्हंजी गेली गिरणी. आरं, गिरणी गावातनं हालनार न्हाय, ह्या बोलीवर मी लोकांकडनं जागा घेतली. शेंगा फोडाया पन्नास बाया येत्यात. उद्या पारावर कुठल्या तोंडानं बसू?

दगडाबाई : तारखा कोन ठरवतं वो? खरं सांगा, लेकराबाळांची आन हाय तुमाला.

दत्तोबा : माझी नोकरी जाईल, मावशी.

दगडाबाई : आमच्या उंबऱ्याभायर सबुद न्हाय जानार.

दत्तोबा : चेअरमनसाहेबच ठरवतात. पौषातच मी म्हटलं होतं, "साहेब, त्या दिवशी संकष्टी आहे, आबा नसतील."

गेणबा : मंग?

दत्तोबा : म्हणाले, "ठाऊक आहे."

दगडाबाई : अगं आई गं! आन् नवस तरी कुनी बोलाया लावला? त्येंच्याच मालकिनीनं, कुशाबाई इहिनीनं! मंगसरात रतनला दिस गेल्यालं कळलं, तवा माझा हात धरून म्हनली, "दोनदा पोटातलं गेलं पोरीचं. बापानं आषाढापातूर सात संकष्ट्या मोरगावला जावं, औंदा टिकंल." मी येडी लगेच पदर पसरला.

गेणबा : आना ती लेखनी. कागद पोचला, येवढंच लिवा. घ्या सही. आन् मोहनरावांना सांगा, जीप धाडू नका.

दगडाबाई : अजून जानार तुमी? आवो, डाव हुता सगळा!

गेणबा : डाव त्येंचा. देव तर आपला हाय? चार झाल्या, तीन ऱ्हायल्या. यष्टीनं जाईन.

दगडाबाई : अवो... रतनला ठावं आसंल का वो? जीप आली तवा दर बारीला नारळ तिनंच धाडला. त्याच जिपतनं.

गेणबा : तिला इचारू नगंस.

दगडाबाई : कंदीच?

गेणबा : आषाढापातूर तरी न्हाय.