बारवेवरचं साल

आमच्या भडगावकडच्या गावात बारवेवर मोटेचं चाक कुरकुरायचं, तो लहानपणीचा आवाज मला अजून आठवतो. त्या बारवेवर परवा पाटी लावायची ठरली आणि माझे दोन म्हातारे मित्र ती कोणी बांधली यावरून भांडायला बसले. दगडावर साल कोरलेलं, पण खालची अक्षरं झिजलेली.

दगडूआबा म्हणाले, "शेठ, हाई बारव आम्हनी शे. साल शकाचं आहे. तुम्ही बाहेरना."

रतनशेठ म्हणाले, "साल विक्रम संवताचं आहे. ते आम्हीच लिहितो. म्हणजे बांधली मारवाडी माणसाने."

शेवटी धुळ्याहून इतिहासाच्या बाई आल्या. त्यांनी दगड धुतला, बाजूने बॅटरी धरली आणि सालाशेजारचं संवत्सराचं नाव वाचलं.

"अशी साठ नावं फिरून फिरून येतात, नाना," त्या मला म्हणाल्या. "हा आकडा शकाचा धरला तर हे नाव जुळतं, विक्रमाचा धरला तर नाही."

एवढ्याशा नावावरून केवढं कळलं.

आबा हसले. "ऐकलं का, शेठ?"

"थांबा, आबा," बाई म्हणाल्या. "खालच्या झिजलेल्या अक्षरांत बांधणाऱ्याबद्दल लिहिलंय. मारवाडातून आलेला वाणी होता तो. इथे राहिला, म्हणून त्याने इथलंच साल लिहिलं."

रतनशेठांनी दगडावर हात ठेवला, बराच वेळ. मग पायऱ्या चढून निघून गेले.