पाचव्या वर्षापर्यंतची भाषा

वरदा : मेव्हिस आंटी, व्हॅन खाली येऊन थांबलीय. पेटी उचलायला सांगू?

मेव्हिस : थांब गं पोरी. पेटीत आमचे एक पूर्वज आहेत, सामान नव्हे. दीडशे वर्षं तुमच्या म्युझियमच्या कपाटात पडलेत बिचारे. आधी आमच्या भाषेत सांगावं लागतं, आम्ही कोण, कुठे नेतोय. नाहीतर त्यांना वाटेल, आले पुन्हा हाडं चोरायला!

वरदा : मग बोला ना. मी बाहेर थांबते.

मेव्हिस : बोलणार होता माझा भाऊ. आम्ही दोघं ऑस्ट्रेलियाहून निघणार होतो.

वरदा : हो, ईमेल आली होती. आर्थरकाका गेल्याचं कळलं तेव्हा...

मेव्हिस : नाव नको घेऊस बाई! गेलेल्या माणसाचं नाव आमच्यात घेत नाहीत.

वरदा : अयाई! सॉरी आंटी, खरंच सॉरी. आमच्यात फोटोला हार घालून दिवसभर नाव घेतात हो.

मेव्हिस : असू दे. त्याला सगळी भाषा यायची. सरकारची गाडी आम्हा आदिवासींची पोरं उचलायला आली, तेव्हा तो झुडपात लपला. मी सापडले. पाच वर्षांची होते. मुलांच्या सरकारी होममध्ये आमच्या भाषेतला शब्द तोंडातून निघाला की मेट्रन साबणाने तोंड घासायची. आम्हाला गोरं करायचं होतं ना त्यांना.

वरदा : आणि तरी तुम्ही आज शाळांमधून तुमच्या भाषेतली गाणी शिकवता. तशाच नेलेल्या लोकांना जवळ बसवून मोकळं करता.

मेव्हिस : गाणी भावाकडून घोकून घेतली, भाषा राहिलीच. लोक म्हणतात, आंटी, हलकं वाटलं. मला कोण हलकं करणार? थकले गं मी. मनातलं बोलायला गेले की त्या पाच वर्षांच्या पोरीचेच शब्द येतात. ये. भूक लागली. आई कुठंय. एवढ्या थोर माणसापुढे असं बोबडं बोलू? लाज वाटते मला.

वरदा : माझी लेक आश्लेषा इथे परदेशातच जन्मली. 'आजी, तू ये, मी भात खाल्ली', संपलं तिचं मराठी! पण माझी आई पुण्याहून फोनवर तेवढंच ऐकत बसते. वर मला म्हणते, किती गोड बोलली गं आज!

मेव्हिस : चुका सुधारत नाही?

वरदा : छे! एकही नाही.

मेव्हिस : हं... दार लोटून घे. जाऊ नकोस, इथेच बस.

(मेव्हिस पेटीवर हात ठेवून आपल्या भाषेत थोडंसंच बोलते.)

वरदा : झालं, आंटी? हे घ्या, डोळे पुसा. सांगितलंत त्यांना, घरी नेतोय म्हणून?

मेव्हिस : ते शब्दच आठवले नाहीत गं. होममध्ये रात्री पांघरुणात म्हणायचे, तेच तोंडात आलं.

वरदा : काय?

मेव्हिस : आजोबा, मला घरी घेऊन चला.